अठरा की अठ्ठावीस : गैरहजेरीत निघालेला दावा परत उभा करताना

‘पुकारले. वादी व वादीचे वकील गैरहजर. प्रतिवादीचे वकील हजर. दुपारी पुन्हा पुकारले. वादीतर्फे कोणी नाही. सायंकाळी ४.४५ वाजता पुकारले. वादीतर्फे कोणी नाही. सबब दावा वादीच्या गैरहजेरीत काढून टाकण्यात येतो.’

रोजनाम्यातल्या, म्हणजे कोर्टाच्या रोजच्या कामकाजाच्या नोंदीतल्या, या एवढ्या मजकुराने चार वर्षं चाललेला एक दावा संपला. तारीख होती १८ सप्टेंबर. जिचा दावा होता त्या बाईला हे कळलं २ मार्चला, तेही कोर्टाकडून किंवा वकिलाकडून नाही. शेजाऱ्याने मजूर आणून तिच्या प्लॉटच्या आत तीन फूट पाया खोदायला घेतला, तेव्हा ती ‘कोर्टाचा मनाई हुकूम आहे’ म्हणत आडवी उभी राहिली. शेजाऱ्याने मोबाईल काढून दाखवला. पडद्यावर दाव्यापुढे ‘निकाली’ लिहिलेलं होतं.

पक्षकारांची नावं इथे मुद्दाम देत नाही. मी वकिली करते त्या आमच्या नागपूरच्या जिल्हा न्यायालयात असे दावे निघतात, परत लागतात, काही कायमचे जातात, आणि जे जातात त्यातले बरेच वाचले असते असं माझं मत आहे. म्हणून हे एक प्रकरण सविस्तर लिहिते.

काकूंचं वय बासष्ट, शिक्षण चौथी. नवरा गेल्यावर मानेवाड्याकडच्या एका लेआउटमधल्या घरात पिको-फॉल करून राहतात. प्लॉट ३० बाय ५०, गृहनिर्माण संस्थेकडून घेतलेला, नंतर नासुप्रकडून (नागपूर सुधार प्रन्यासकडून) आरएल लेटर, म्हणजे प्लॉट नियमित केल्याचं पत्र, मिळालेलं. शेजारच्या प्लॉटच्या नव्या मालकाचं म्हणणं असं की हद्द काकूंच्या बाजूला तीन फूट आत आहे. पन्नास फूट लांबीवर तीन फूट म्हणजे दीडशे चौरस फूट. काकूंचा संडास आणि पाण्याची टाकी त्याच पट्ट्यात. कायम मनाईचा दावा दाखल झाला, निशाणी ५ वर, म्हणजे दाव्यासोबतच्या अंतरिम अर्जावर, तात्पुरता मनाई हुकूम मिळाला, वादाचे मुद्दे निघाले आणि प्रकरण वादीच्या पुराव्याला लागलं. सरतपासाचं, म्हणजे वादीच्या स्वतःच्या साक्षीचं, प्रतिज्ञापत्र द्यायचं होतं. तिथपर्यंत सगळं नीट होतं.

काकू जावयाला घेऊन माझ्याकडे आल्या तेव्हा हातात कापडी थैली, त्यात आरएल लेटर, टॅक्सच्या पावत्या आणि शाळेची दोनशेपानी वही. वहीत प्रत्येक तारखेची नोंद. तारखेपुढे त्या दिवशी काय झालं तेही : ‘साहेब रजेवर’, ‘टाईम घेतला’, ‘शेजारी आला नाही’. सप्टेंबरच्या पानावर १८ हा आकडा कुठेच नव्हता. होता तो २८, आणि पुढे लिहिलेलं, ‘गेलो. बोर्डावर नाव नाही. वकीलसाहेब म्हणले कळवतो.’

“अठ्ठावीसलेच आली होती मी मॅडम. जावई बी होते संगं. दोन्ही बोर्ड पाहिले. नावच नव्हतं जी.”

बोर्ड म्हणजे कोर्टाच्या त्या दिवसाच्या प्रकरणांची यादी. त्या वहीवरच पुढचं सगळं प्रकरण उभं राहिलं. पण त्याआधी जावयांनी सुचवलेले तीन मार्ग बाजूला करायचे होते. तिन्ही मार्ग लोक मनापासून सांगत असतात, म्हणून थोडं थांबून लिहिते.

पहिला, ‘अपील करा’. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या कलम २(२) मध्ये हुकूमनाम्याची (डिक्रीची) जी व्याख्या आहे, तिच्यातून गैरहजेरीत दावा काढून टाकल्याचा आदेश स्पष्ट शब्दांत वगळलेला आहे. हुकूमनामाच नाही तर त्यावर पहिलं अपील कुठून होणार? कोर्टाने जमीन कोणाची, हद्द कुठे, याबद्दल एक शब्दही काढलेला नव्हता.

दुसरा, ‘नवाच दावा टाकू’. इथे रोजनाम्यातली ‘प्रतिवादीचे वकील हजर’ ही नोंद निर्णायक ठरते. दोन्ही बाजू गैरहजर असत्या तर दावा याच संहितेच्या ऑर्डर ९ नियम ३ खाली निघाला असता आणि नियम ४ प्रमाणे, मुदत शिल्लक असेल तर, नवा दावाही टाकता आला असता. पण प्रतिवादी हजर आणि वादी गैरहजर असेल तर आदेश नियम ८ चा होतो, आणि मग नियम ९ त्याच कारणावरून नवा दावा आणायला मनाई करतो. उरतो एकच रस्ता, काढून टाकल्याचा आदेश रद्द करून तोच दावा पुन्हा फाईलवर घेण्याचा अर्ज. गैरहजेरीत दावा निघाल्याचं कळलं की मी पक्षकाराला आधी रोजनाम्याची नक्कल काढायला सांगते ती यासाठीच. कोण हजर होतं, हे पाहिल्याशिवाय सल्ला देता येत नाही.

एक गोष्ट काकूंच्या बाजूने होती. त्यांचा पुरावा अजून सुरूच झालेला नव्हता. पुराव्याचा मोठा भाग नोंदला गेल्यावर पक्षकार गैरहजर राहिला, तर ऑर्डर १७ नियम २ च्या स्पष्टीकरणाप्रमाणे कोर्ट तो हजर असल्याचं धरून पुढे चालू शकतं आणि गुणदोषांवर निकालही देऊ शकतं. तसं झालं असतं तर ही गोष्ट अपिलात लढावी लागली असती.

तिसरा मार्ग जावयांनी सर्वांत जोर देऊन सांगितला. “मॅडम, त्याच हप्त्यात माझा पोरगा डेंग्यूनं मेडिकलमध्ये भरती होता. कागद आहे. थोच लावा ना. नातवासाठी आजी धावली म्हणल्यावर कोणता जज नाही म्हणन?”

डिस्चार्ज कार्ड मी हातात घेऊन पाहिलं. भरती २० सप्टेंबर, सुट्टी २४ सप्टेंबर. दावा निघाला १८ ला.

“ताप तर अठरालेच होता,” जावई म्हणाले. असेलही. पण मी काकूंना विचारलं, “अठराला तुम्ही कुठे होत्या?” त्या म्हणाल्या, “घरीच. मशीनवर.” आणि मग सरळच म्हणाल्या, “मले अठरा माहीतच नव्हतं, तर नातवासाठी राहिली असं कसं म्हणू?”

माझ्या मते खरा प्रश्न इथेच सुटला. दावा परत लावण्याचे अर्ज वाचले तर बहुतेकांत आजारपण, गरिबी, वय, घरातलं दुःख असं सगळं आयुष्य लिहिलेलं असतं. फक्त तो एक दिवस कोरा असतो. नियम ९ मात्र विचारतो एवढंच की दावा पुकारला गेला तेव्हा गैरहजर राहायला पुरेसं कारण होतं का. काकू आजारी नव्हत्या, रस्त्यात अडकल्या नव्हत्या, त्या घरी होत्या. त्यांच्या आणि त्यांच्या वकिलांच्या समजुतीप्रमाणे तारीख अठ्ठावीस होती, हेच कारण. ते खरं होतं आणि सिद्ध करण्यासारखं होतं. डिस्चार्ज कार्ड लावलं असतं तर समोरच्या वकिलांनी पहिल्याच दिवशी २० हा आकडा दाखवला असता आणि त्या एका कागदापायी वहीवरचाही विश्वास उडाला असता.

आता ही चूक झाली कुठे, ते शोधायला आधीच्या वकीलसाहेबांकडे जायला हवं होतं. ते माझ्यापेक्षा वीसेक वर्षांनी ज्येष्ठ. मी बाररूममध्ये त्यांच्यासमोर रोजनाम्याची नक्कल ठेवली. त्यांनी ती दोनदा वाचली. मग मुन्शीला गेल्या वर्षाची डायरी आणायला सांगितली. अठरा सप्टेंबरच्या पानावर इतर सात प्रकरणं होती, हे नव्हतं. अठ्ठावीसच्या पानावर तळाशी दाव्याचा क्रमांक, ज्युनिअरच्या अक्षरात. जुलैमधल्या तारखेला ते स्वतः दुसऱ्या कोर्टात होते आणि ज्युनिअरने पुढची तारीख घेतली होती. भरलेल्या कोर्टात, पुकाऱ्याच्या आवाजात ‘अठरा’चं ‘अठ्ठावीस’ झालं. ऐकून लिहिलं, शिरस्तेदारांकडे जाऊन पाहिलं नाही. २८ ला बोर्डावर नाव दिसलं नाही तेव्हाही कोणी चौकशी केली नाही. पुढे तो ज्युनिअर ऑफिस सोडून गेला. काकूंनी दिवाळीनंतर एकदा आणि जानेवारीत एकदा फोन केला, तर ‘चालू आहे, तारीख पडली की कळवतो’ एवढंच उत्तर मिळालं.

मी म्हटलं, “सर, मला तुमचं प्रतिज्ञापत्र लागेल. मसुदा करून आणू का?”

ते बराच वेळ डायरीकडे बघत राहिले. मग म्हणाले, “नको. मीच लिहितो. माझ्या ऑफिसची चूक माझ्याच शब्दांत येऊ दे.” मी प्रकरण घ्यायला हरकत नाही, अशी वकालतनाम्यावर ना-हरकतही तिथेच लिहून दिली. वीस वर्षं ज्येष्ठ माणसाने शपथेवर आपली चूक मान्य करणं सोपं नसतं. अशा प्रकरणांत बहुतेक वेळा वकील फोन उचलत नाही आणि पक्षकाराला ‘माझ्या वकिलाने कळवलं नाही’ या एकट्या वाक्यावर उभं राहावं लागतं. ते वाक्य खरं असलं तरी कोर्टाने रोज ऐकलेलं असतं. काकूंच्या बाजूने डायरीचं पान होतं.

मुदतीचं गणित वेगळं होतं. मुदत कायदा, १९६३ च्या अनुच्छेद १२२ प्रमाणे हा अर्ज दावा काढून टाकल्यापासून ३० दिवसांत करावा लागतो. मोजणी दावा निघाल्याच्या तारखेपासून होते, आपल्याला कळल्याच्या तारखेपासून नाही. १८ सप्टेंबर ते १४ मार्च १७७ दिवस झाले. ३० वजा केले की विलंब १४७ दिवसांचा. अपिलात नक्कल मिळायला लागलेले दिवस वजा होतात तशी सवलत कलम १२ या अर्जाला देत नाही. म्हणून कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज वेगळा दिला.

दोन अर्ज, दोन कारणं. पहिल्यात १८ सप्टेंबरचा दिवस, दुसऱ्यात त्यानंतरचे १४७. ही दोन कारणं एकमेकांत मिसळली की दोन्ही कच्ची पडतात. विलंबाच्या अर्जात मी टप्पे पाडले : २८ सप्टेंबरला कोर्टात येऊन गेल्या, दिवाळीनंतर फोन, जानेवारीत फोन, २ मार्चला खोदकाम, ४ मार्चला नकलेचा अर्ज, ९ ला नक्कल हातात, १२ ला वकीलसाहेबांचं प्रतिज्ञापत्र, १४ ला दाखल. वहीची पानं जोडली. पहिल्या अर्जात एक वाक्य मुद्दाम स्वतंत्र परिच्छेद करून लिहिलं : ‘दिनांक १८ सप्टेंबर रोजी अर्जदार आपल्या राहत्या घरी होत्या.’

यात सगळ्यांत तातडीचा विषय वेगळाच होता. दावा गेला तसा मनाई हुकूमही गेला, आणि खड्डा रोज लांबत होता. जैसे थे ठेवण्याचा अर्ज दिला, पण जो दावा फाईलवरच नाही त्यात मनाई कशी द्यायची, ही अडचण कोर्टाने लगेच मांडली आणि ती अडचण खरीच होती. सुदैवाने नोटीस मिळून हजर झाल्यावर शेजाऱ्याच्या वकिलांनी समंजसपणा दाखवला. ‘या अर्जाचा निकाल लागेपर्यंत पुढील बांधकाम करणार नाही’ अशी पुरशिस, म्हणजे कोर्टात लेखी निवेदन, त्यांनी दिली. खड्डा तेव्हा साधारण वीस फूट लांब झाला होता. तो तसाच राहिला.

त्यांचा से, म्हणजे अर्जावरचं लेखी म्हणणं, मात्र कडक होता. वादीने आधीच पाच वेळा टाईम घेतला, तिला दाव्यात रस नाही. वकिलाची चूक ही पक्षकाराचीच चूक. वादी स्वतः कबूल करते की ती घरी होती. नागपूर शहरात राहून मोबाईलवर तारीख पाहता येत नाही हे पटणारं नाही. १४७ दिवसांतल्या प्रत्येक दिवसाचा खुलासा नाही.

पहिल्या मुद्द्याला उत्तर जी. पी. श्रीवास्तव विरुद्ध आर. के. रायजादा (२०००) मध्ये मिळतं. ते प्रकरण एकतर्फी हुकूमनाम्याचं होतं, पण पुरेशा कारणाची कसोटी तीच. ज्या दिवसाची गैरहजेरी आदेशाला कारण झाली त्या दिवसापुरतं कारण पाहायचं. आधीच्या तारखांवरची ढिलाई त्यात ओढायची नाही. आधीचे पाच टाईम अर्ज त्या त्या दिवशी कोर्टाने मंजूर केले होते.

वकिलाच्या चुकीचा मुद्दा अवघड आहे, आणि त्यात समोरच्यांचं काहीच खरं नव्हतं असं मी म्हणणार नाही. रफीक विरुद्ध मुन्शीलाल (१९८१) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की वकील नेमून, फी देऊन आपलं काम केलेल्या पक्षकाराला वकिलाच्या कसुरीची शिक्षा देऊ नये. तिथे २०० रुपयांचा खर्चही गैरहजर राहिलेल्या वकिलाकडूनच वसूल करायला सांगितला. पण सलिल दत्ता प्रकरणात (१९९३) त्याच न्यायालयाने सांगितलं की हा काही सरसकट नियम नाही. तिथला पक्षकार कलकत्त्यातली प्रायव्हेट लिमिटेड कंपनी होती, खेड्यातला अडाणी माणूस नव्हता. समोरच्यांनी सलिल दत्ता वाचला, मी रफीक. मी युक्तिवादात एवढंच म्हटलं की दोन्ही निकालांच्या मध्ये पक्षकार कोण आहे आणि त्याने आपल्या परीने काय केलं हा प्रश्न उभा आहे. चौथी शिकलेल्या बाईने जी तारीख सांगितली गेली त्या तारखेला कोर्टात येऊन दोन्ही बोर्ड पाहिले. तिच्या बाजूने याहून जास्त काय व्हायला हवं होतं?

रोजच्या रोज खुलासा हवा, या आग्रहाला कातीजी प्रकरणातला (१९८७) निकाल आहेच. प्रत्येक दिवसाचा खुलासा याचा अर्थ हट्टाने, पुस्तकी पद्धतीने लावायचा नाही, असं तो सांगतो.

अर्जावर काकूंची साक्ष झाली. उलटतपास छोटाच.

“तुमच्याकडे मोबाईल आहे?”
“हो जी, साधा.”
“जावयाकडे?”
“त्यांच्याकडं मोठा आहे.”
“त्यावर कोर्टाची तारीख पाहता येते, हे माहीत आहे?”
“तेव्हा नव्हतं माहीत. शेजाऱ्यानं दाखवलं तेव्हा कळलं.”
“म्हणजे १८ तारखेला कोर्टात यायला तुम्हाला काहीच अडचण नव्हती?”
“नव्हती. तारीख ठाव असती तर आलीच असती.”

शेवटचं उत्तर ऐकून समोरचे वकील समाधानाने बसले. मला वाटतं त्याच उत्तराने अर्ज मंजूर झाला. खोटं बोलायचं असतं तर ती बाई तिथेच बोलली असती.

मोबाईलचा प्रश्न मात्र रास्त होता, आणि तो मी स्वतःवरही घेतला. प्रत्येक दाव्याला सोळा अक्षर-आकड्यांचा सीएनआर क्रमांक असतो. ई-कोर्ट्सच्या ॲपवर तो टाकला की पुढची तारीख, टप्पा, निकाली की प्रलंबित हे सगळं दिसतं. वकालतनाम्यावर सही घेतानाच हा क्रमांक पक्षकाराच्या वहीत लिहून द्यायला हवा आणि घरातल्या एखाद्या पोराला ॲप दाखवून द्यायला हवं. २८ ला नाव बोर्डावर नव्हतं तेव्हा कोणी तो क्रमांक टाकला असता, तर अर्ज दहाव्या दिवशी झाला असता आणि विलंब माफीची गरजच पडली नसती. ज्यांनी दावा काढला त्या न्यायाधीशांना मी दोष देत नाही. त्यांनी तीनदा पुकारलं होतं, दिवस मावळेपर्यंत थांबले होते.

मधे मे महिन्याची सुट्टी गेली. जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात आदेश झाला. विलंब माफ, दावा पूर्ववत फाईलवर, टप्पा वादीच्या पुराव्याचा. अट अशी की प्रतिवादीला ३,००० रुपये खर्च १५ दिवसांत द्यायचा; न दिल्यास अर्ज नामंजूर समजला जाईल. आदेशात डायरीच्या पानाचा उल्लेख होता आणि काकूंच्या त्या शेवटच्या उत्तराचाही. उलट झालं असतं तर ऑर्डर ४३ नियम १(सी) खाली अपील करता आलं असतं, त्याची तयारी मी ठेवली होती.

मनाई हुकुमाबद्दल आदेशात काहीच नव्हतं. शेजाऱ्याच्या मनात लगेच तो प्रश्न आला, कारण त्यांची पुरशिस अर्जाच्या निकालापर्यंतचीच होती. वरीद जेकब प्रकरणात (२००४) सर्वोच्च न्यायालयाने बहुमताने सांगितलं आहे की गैरहजेरीत निघालेला दावा परत लागला की आधीचे अंतरिम आदेशही परत जिवंत होतात, परत लावण्याच्या आदेशात वेगळं काही म्हटलेलं नसेल तर. तो निकाल जोडून मी त्याच दिवशी समोरच्या वकिलांना लेखी कळवलं. पुढे मजूर आले नाहीत.

खर्चाचे तीन हजार आधीच्या वकीलसाहेबांनी पाकिटात घालून माझ्याकडे पाठवले. काकूंनी आधी नको म्हटलं. “त्यांनी फी तरी कुठं पूर्ण घेतली होती,” म्हणाल्या. मग घेतले. नवव्या दिवशी रक्कम जमा झाली, पावती फाईलला लावली आणि सरतपासाचं प्रतिज्ञापत्र त्याच दिवशी दिलं.

त्यानंतर मी जागा बघायला गेले. पावसाने खड्डा काठोकाठ भरला होता आणि काकूंनी पोरं पडू नयेत म्हणून त्याच्याभोवती जुन्या साड्या बांधून ठेवल्या होत्या. हद्द नेमकी कुठे हे आता मोजणीनेच ठरेल. कोर्ट कमिशनर नेमण्याचा अर्ज दिला आहे, त्यावर त्यांचा से यायचा आहे.

निघताना काकूंनी वही पुढे केली. मी पुढची तारीख लिहिली, १२. त्यांनी ती बघितली आणि पेन परत माझ्या हातात दिला.

“अक्षरात बी लिहा मॅडम.”

मी आकड्याखाली ‘बारा’ लिहिलं, आणि त्याखाली सीएनआर क्रमांक.